एका व्हॉल्व्हचा रेडिओ: डिटेक्टर काय करतो ते बांधत बांधत समजून घ्या

व्हॉल्व्ह (काचेची इलेक्ट्रॉन नळी) वापरणाऱ्या रेडिओचा नाद नव्याने लागलेला माणूस बहुतेक वेळा चुकीच्या टोकाकडून सुरुवात करतो. जुन्या बाजारातून पाच व्हॉल्व्हचा मर्फी किंवा बुश उचलून आणतो, मागचा पुठ्ठा काढतो आणि आत बघून हबकतो. त्या सेटमध्ये डिटेक्टर, म्हणजे रेडिओ लहरीतून आवाज वेगळा काढणारा भाग, असतो, पण तो एका व्हॉल्व्हच्या काचेत इतर भागांबरोबर दडलेला असतो आणि त्याच्या आधी-नंतर इतकं काही चाललेलं असतं, की त्याचं काम वेगळं दिसतच नाही. शिवाय मेन्सवर चालणाऱ्या अनेक सेटमध्ये ट्रान्सफॉर्मर नसतो आणि चासीवर, म्हणजे आतल्या धातूच्या सांगाड्यावर, थेट २३० व्होल्ट येऊ शकतात. पहिल्या दिवशी तिथे हात घालू नका.

डिटेक्टर समजून घ्यायचा असेल तर तो जगात ज्या क्रमाने आला त्याच क्रमाने बांधा. आधी नुसता डायोड, मग ग्रिड लीक, मग रिजनरेशन. व्हॉल्व्ह तोच राहतो, दोन-चार वायरी बदलतात, आणि दर वेळी आवाजात पडणारा फरक आपल्या कानांनी कळतो. पुस्तकातल्या आकृतीवरून जे महिनोन्‌महिने डोक्यात शिरत नाही, ते असं बांधलं की पटकन शिरतं.

## आधी सामान जमवा

- व्हॉल्व्ह: डीएफ ९१, म्हणजेच अमेरिकन नावाने १टी४. सात पिनांचा, बोटाएवढा. बॅटरीवर चालणाऱ्या जुन्या रेडिओंमध्ये असायचा. फिलामेंटला १.४ व्होल्ट आणि ५० मिलिअँपिअर पुरतात. डीएएफ ९१ दिसायला तसाच असतो, पण आतून वेगळा. काचेवरचं नाव नीट वाचूनच घ्या.
- सात पिनांचा सॉकेट. पिनांना थेट सोल्डर करू नका, काच तडकते.
- गँग कंडेन्सर (केंद्र लावायला फिरवायचा): पत्र्यांचा, ३६५ ते ५०० पिकोफॅरडचा. प्लास्टिकचा छोटा गँग मिळाला तर त्याचे दोन्ही भाग एकत्र जोडा, कारण एकटा भाग कमी पडतो.
- २६ गेजची इनॅमल तार आणि ५० मिलिमीटर बाहेरच्या व्यासाचा पीव्हीसी पाइप, वीतभर.
- हेडफोन: २००० किंवा ४००० ओहमचा, जुन्या पद्धतीचा. मोबाइलचा इअरफोन थेट चालणार नाही. तोच वापरायचा असेल तर जुन्या व्हॉल्व्ह रेडिओतला आउटपुट ट्रान्सफॉर्मर मध्ये घाला.
- कंडेन्सर: १०० पिकोफॅरड, २२० पिकोफॅरड आणि ०.००१ मायक्रोफॅरड. रेझिस्टन्स: २.२ मेगओहम, १ मेगओहम आणि ४.७ किलोओहम.
- २.५ मिलिहेन्रीचा आरएफ चोक (रेडिओची लहर अडवून आवाजाचा प्रवाह जाऊ देणारी कॉइल) आणि आणखी एक छोटा बदलता कंडेन्सर, १०० ते २०० पिकोफॅरडचा.
- दीड व्होल्टचा मोठा सेल एक, ९ व्होल्टच्या बॅटऱ्या पाच.
- मल्टीमीटर, सोल्डरिंगचं सामान, एरिअलसाठी दहा-पंधरा मीटर वायर आणि अर्थिंग.

मुंबईत लॅमिंग्टन रोड आणि चोर बाजार, पुण्यात जुना बाजार ही सामान शोधायची जागा. हेडफोन मिळायला सगळ्यात वेळ लागतो, म्हणून शोध त्याच्यापासून सुरू करा. घेताना मल्टीमीटरने ओहम मोजून घ्या. २००० ओहमचा हेडफोन मीटरवर साधारण तेवढाच दाखवतो. काहीच दाखवत नसेल तर आतली कॉइल तुटलेली आहे, तो घेऊ नका.

कंडेन्सरवरच्या आकड्यांबद्दल आत्ताच सांगतो. गोळीसारख्या सिरॅमिक कंडेन्सरवर "२२१" लिहिलेलं असेल तर तो २२० पिकोफॅरडचा असतो. शेवटचा आकडा म्हणजे पुढे किती शून्यं द्यायची ते. "१०१" म्हणजे १००, "१०२" म्हणजे १०००, म्हणजेच ०.००१ मायक्रोफॅरड.

## पायरी १: डिटेक्टर लागतोच कशाला, हे आधी पक्कं करा

आकाशवाणी पुण्याची मध्यम लहर ७९२ किलोहर्ट्झची. म्हणजे एरिअलमधला प्रवाह सेकंदाला ७ लाख ९२ हजार वेळा पुढे-मागे होतो. निवेदकाचा आवाज त्या लहरीच्या उंचीत असतो. आवाज चढला की लहरीची उंची वाढते, उतरला की कमी होते.

आता ही लहर थेट हेडफोनला दिली तर? हेडफोनची चकती इतक्या वेगाने हलूच शकत नाही. आणि लहर जितकी वर जाते तितकीच खाली येते, त्यामुळे सरासरी कायम शून्य. उंची कितीही बदलली तरी सरासरी शून्यच राहते, म्हणून चकती जागची हलत नाही.

डिटेक्टरचं काम एवढंच, की ही बरोबरी मोडायची. वरची बाजू आणि खालची बाजू यांना सारखी वागणूक मिळाली नाही की सरासरी शून्य राहत नाही, आणि ती लहरीच्या उंचीप्रमाणे कमी-जास्त होऊ लागते. हेडफोनला तेवढंच हवं असतं. पुढे येणारं प्रत्येक सर्किट ही बरोबरी वेगळ्या ठिकाणी मोडतं. कोणतीही आकृती समोर आली की पहिला प्रश्न हाच विचारा: यात दोन बाजूंना वेगळी वागणूक नेमकी कुठे मिळते आहे?

## पायरी २: कॉइल गुंडाळा

पाइपवर २६ गेजच्या तारेचे ७५ वेढे, एकमेकांना चिकटून, एका थरात. साधारण २३० मायक्रोहेन्री भरतात. या कॉइलबरोबर ७९२ किलोहर्ट्झला गँग सुमारे १७५ पिकोफॅरडवर येतो, म्हणजे चकतीच्या मधोमध कुठेतरी.

कॉइलच्या खालच्या टोकापासून चार-पाच मिलिमीटर सोडून त्याच दिशेने आणखी २० वेढे घाला. ही टिकलर कॉइल, प्लेटमधली लहर परत ट्यूनिंग कॉइलकडे वळवणारी. ती सातव्या पायरीपर्यंत मोकळी राहील. वरच्या टोकापासून थोडं अंतर सोडून १२ वेढे एरिअलसाठी घाला. या वेढ्यांचं एक टोक एरिअलला, दुसरं अर्थिंगला.

तारेच्या टोकांवरचं इनॅमल पॉलिश पेपरने खरवडून तांब्याचा लाल रंग दिसेपर्यंत साफ करा. वरून सोल्डर बसल्यासारखा दिसतो आणि आत इनॅमल तसंच असतं, हा प्रकार फार होतो. सोल्डर केल्यावर प्रत्येक कॉइल मल्टीमीटरने तपासा.

## पायरी ३: फिलामेंट पेटवा

डीएफ ९१ च्या सॉकेटवर पिना खालून मोजतात, रुंद फटीपासून सुरू करून घड्याळाच्या काट्याच्या दिशेने. फिलामेंट १ आणि ७ वर. १ ऋण, ७ धन. प्लेट (इलेक्ट्रॉन ओढणारा पत्रा) २, स्क्रीन (दुसरी जाळी) ३, ग्रिड (प्रवाह अडवणारी जाळी) ६. पिन ५ आतून १ लाच जोडलेली असते, तिला आपण हात लावत नाही.

दीड व्होल्टचा सेल १ आणि ७ ला जोडा. अंधारातही झगझगीत उजेडाची अपेक्षा धरू नका, या व्हॉल्व्हचं फिलामेंट जेमतेम लालसर होतं. शंका आली तर सेलच्या वाटेत मल्टीमीटर घालून प्रवाह बघा. पन्नासच्या आसपास मिलिअँपिअर दिसले की झालं.

व्हॉल्व्ह जळतो तो बहुतेक वेळा इथेच. पुढे ४५ व्होल्टची बॅटरी येणार आहे. तिची वायर चुकून सातव्या पिनेला टेकली की फिलामेंट क्षणात तुटतं, आणि असा व्हॉल्व्ह दुरुस्त होत नाही. म्हणून ४५ व्होल्टच्या धन टोकाला ४.७ किलोओहमचा रेझिस्टन्स आत्ताच, बॅटरीजवळच, सोल्डर करून टाका. चूक झाली तरी दहा मिलिअँपिअरच्या वर प्रवाह जाणार नाही आणि फिलामेंट वाचेल. जुन्या आकृत्यांमध्ये हा रेझिस्टन्स दिसणार नाही. तरीही घाला.

## पायरी ४: फ्लेमिंगचा व्हॉल्व्ह

तापलेल्या फिलामेंटमधून इलेक्ट्रॉन बाहेर पडतात. शेजारचा पत्रा धन असेल तर ते तिकडे ओढले जातात, ऋण असेल तर मागे ढकलले जातात. प्रवाह एकाच दिशेने. काचेच्या दिव्यातला हा परिणाम एडिसनला १८८० च्या दशकातच दिसला होता. पण रेडिओसाठी तो वापरायचं सुचलं ते जॉन अँब्रोज फ्लेमिंग यांना, १९०४ मध्ये. फ्लेमिंग आधी एडिसनच्या लंडनमधल्या कंपनीचे आणि नंतर मार्कोनी कंपनीचे सल्लागार होते. दोन्हीकडचं काम पाहिलेल्या माणसाला ही जोडणी सुचावी यात नवल नाही. त्याच वर्षी मार्चमध्ये जगदीशचंद्र बोस यांना गॅलेना स्फटिकाच्या डिटेक्टरचं अमेरिकन पेटंट मिळालं होतं. स्फटिक आणि व्हॉल्व्ह हे दोन्ही मार्ग जवळजवळ एकदमच उघडले.

आता बांधा. पिना २, ३ आणि ६ एकत्र जोडा, म्हणजे आपला पाच इलेक्ट्रोडचा व्हॉल्व्ह साधा डायोड होतो. ७५ वेढ्यांच्या कॉइलवर गँग समांतर लावा. कॉइलचं वरचं टोक या तीन पिनांना. पिन १ पासून हेडफोन, हेडफोनचं दुसरं टोक कॉइलच्या खालच्या टोकाला आणि अर्थिंगला. हेडफोनवर ०.००१ मायक्रोफॅरड. ४५ व्होल्टची बॅटरी लागतच नाही.

केंद्र जवळ असेल तर गँग फिरवताना आवाज येईल. हळू, पण स्वच्छ. दूर असाल तर काहीच येणार नाही, आणि त्यात तुमची चूक नाही. ऐकू येणारी सगळी ताकद एरिअलने गोळा केलेली असते, डायोड त्यात कणभरही भर घालत नाही. २३ जुलै १९२७ ला मुंबईचं प्रसारण केंद्र सुरू झालं, तेव्हा त्याची शक्ती दीड किलोवॉट होती. स्फटिकाचा सेट शहरात आणि आसपास चालायचा, त्यापलीकडे राहणाऱ्याला व्हॉल्व्ह लागायचाच.

डायोडची दुसरी खोड जास्त महत्त्वाची आहे. सिग्नल अगदी बारीक असताना डायोडची दोन बाजूंची वागणूक जवळपास सारखीच असते, त्यामुळे आवाज सिग्नलच्या वर्गाच्या प्रमाणात येतो. सिग्नल निम्मा झाला तर आवाज पाव होतो. हे लक्षात असू द्या, सातव्या पायरीला हेच उलट बाजूने आपल्या कामी येणार आहे.

## पायरी ५: ग्रिड लीक

ली डी फॉरेस्ट यांनी १९०६-०७ च्या सुमारास फिलामेंट आणि प्लेटच्या मध्ये तारेची जाळी घातली आणि त्या व्हॉल्व्हला ऑडिऑन म्हटलं. तो चालला, पण का चालतो हे त्यांना नीट सांगता आलं नाही. काचेत थोडा वायू राहिलाच पाहिजे असा त्यांचा समज होता. कामाची खरी उकल एडविन आर्मस्ट्राँग यांनी १९१४-१५ मध्ये मोजमापं घेऊन मांडली. त्याच काळात जनरल इलेक्ट्रिकमध्ये लँगम्यूर यांनी पक्क्या निर्वाताचे व्हॉल्व्ह करून दाखवले आणि वायूची गरज नसल्याचं स्पष्ट झालं.

जोडणी अशी बदला:

1. पिन ६ मोकळी करा. कॉइलचं वरचं टोक १०० पिकोफॅरडमधून पिन ६ ला.
2. पिन ६ पासून २.२ मेगओहम थेट पिन ७ ला, म्हणजे फिलामेंटच्या धन टोकाला.
3. कॉइलचं खालचं टोक, पिन १, अर्थिंग आणि ४५ व्होल्टचं ऋण टोक एकत्र.
4. पिना २ आणि ३ एकत्रच राहू द्या. तिथून हेडफोन, मग ४.७ किलोओहम, मग ४५ व्होल्टचं धन टोक.
5. पिना २-३ पासून पिन १ ला ०.००१ मायक्रोफॅरड.

आत काय घडतं ते सावकाश बघू, कारण सगळी मेख इथे आहे.

लहरीच्या वरच्या अर्ध्या भागात ग्रिड धन होते आणि फिलामेंटमधले थोडे इलेक्ट्रॉन पकडते. म्हणजे ग्रिड आणि फिलामेंट मिळून फ्लेमिंगचा डायोडच झाला. बरोबरी मोडते ती इथे, प्लेटमध्ये नाही. पकडलेले इलेक्ट्रॉन कंडेन्सरमधून परत जाऊ शकत नाहीत, म्हणून ग्रिड सरासरीने ऋण होत जाते. बाहेर पडायला त्यांना वाट एकच, २.२ मेगओहमची.

पिंडीवर टांगलेलं अभिषेकाचं पात्र डोळ्यांसमोर आणा. वरून तांब्याने पाणी पडतं, खालून बारीक धार चालू असते. जास्त ओतलं की पातळी चढते, ओतणं कमी झालं की उतरते. भोक फार बारीक असेल तर पातळी वेळेवर उतरत नाही, मोठं असेल तर पाणी ठरतच नाही. ग्रिडवरचा ऋण भार असाच लहरीच्या उंचीबरोबर चढतो-उतरतो.

आकडे बघा. १०० पिकोफॅरड गुणिले २.२ मेगओहम म्हणजे २२० मायक्रोसेकंद. ७९२ किलोहर्ट्झच्या एका लहरीला सव्वा मायक्रोसेकंद लागतो, तेवढ्यात भार गळून जात नाही. आवाजातल्या १००० हर्ट्झच्या लहरीला १००० मायक्रोसेकंद मिळतात, त्यात तो आरामात गळतो. १०० च्या जागी २२० पिकोफॅरड लावून ऐका, आवाजातली धार थोडी कमी होईल. २.२ च्या जागी १ मेगओहम लावलं तर उलट होईल, आणि बारीक केंद्रं जराशी मंदावतील.

ग्रिड ऋण झाली की ती प्लेटकडे जाणाऱ्या इलेक्ट्रॉनच्या मोठ्या प्रवाहाला अडवते. ग्रिडवरचा हा बारीक चढउतार प्लेटच्या प्रवाहात मोठा होऊन उमटतो आणि हेडफोनमध्ये येतो. एकच व्हॉल्व्ह डायोडचं आणि अँप्लिफायरचं काम एकदम करतो. ताकद आता ४५ व्होल्टच्या बॅटरीतून येते, म्हणूनच आवाज एकदम मोठा झालेला जाणवतो.

लीकचं दुसरं टोक फिलामेंटच्या धन बाजूलाच का? त्यामुळे शांत अवस्थेतही ग्रिड किंचित धन राहते आणि लहर आली की लगेच इलेक्ट्रॉन पकडायला तयार असते. १९२० च्या यूव्ही-२०० सारख्या, मुद्दाम वायू ठेवलेल्या व्हॉल्व्हच्या आकृत्यांमध्ये लीक ऋण बाजूला नेलेली असते. ती जोडणी डीएफ ९१ ला जशीच्या तशी उचलू नका.

## पायरी ६: मीटरने खात्री करा

ही पायरी बरेच जण सोडतात आणि मग आयुष्यभर अंदाजाने बोलतात. हेडफोनच्या वाटेत मल्टीमीटर मिलिअँपिअरवर ठेवून घाला. केंद्र नसताना एक-दोन मिलिअँपिअर दिसतील. आता गँग हळूहळू फिरवत जवळच्या केंद्रावर या. आवाज वाढतो आणि प्रवाह कमी होतो. मोठ्या केंद्रावर काही दशांश मिलिअँपिअरचा फरक सहज दिसतो. गँग पुढे सरकवा, प्रवाह परत पूर्वीच्या जागी.

सिग्नल आला की प्रवाह घटायचा, ही ग्रिड लीक डिटेक्टरची ओळख. व्हॉल्व्हच्या ग्रिडला मुळातच बराच ऋण बायस (आधीच ठेवलेला ऋण व्होल्टेज) देऊन केलेल्या प्लेट डिटेक्टरमध्ये उलट होतं, सिग्नल आला की प्रवाह वाढतो. कुठल्याही अनोळखी सर्किटमध्ये बरोबरी ग्रिडमध्ये मोडते की प्लेटमध्ये, हे या एका मोजमापावरून सांगता येतं.

ग्रिडवरचा व्होल्टेज थेट मोजायच्या फंदात पडू नका. मीटरचा प्रोब टेकला की त्याचा स्वतःचा भार लागतो आणि ट्यूनिंगही सरकतं. प्लेटचा प्रवाह जे सांगतो ते पुरेसं आहे.

## पायरी ७: रिजनरेशन

आर्मस्ट्राँग कोलंबिया विद्यापीठात विद्यार्थी असताना, १९१२ मध्ये, त्यांनी प्लेटमधला रेडिओ लहरीचा उरलासुरला भाग पुन्हा ट्यूनिंग कॉइलकडे वळवला. तारेच्या रेझिस्टन्समुळे कॉइलमध्ये जी ताकद वाया जाते ती भरून निघू लागली. सिग्नल कितीतरी पटींनी वाढला आणि शेजारची केंद्रंही वेगळी झाली. आता चौथ्या पायरीतली खोड आठवा. बारीक सिग्नलला आवाज वर्गाच्या प्रमाणात मिळतो. म्हणून डिटेक्शनच्या आधी सिग्नल दहापट केला तर आवाज शंभरपटीकडे जातो. एका व्हॉल्व्हवर शेकडो मैलांवरची केंद्रं ऐकू येऊ लागली ती यामुळे. पेटंटवरून डी फॉरेस्ट आणि आर्मस्ट्राँग वर्षानुवर्षं भांडले. १९३४ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने डी फॉरेस्टच्या बाजूने निकाल दिला, तेव्हा आर्मस्ट्राँग रेडिओ इंजिनिअरांच्या संस्थेने दिलेलं पदक परत करायला गेले आणि संस्थेने ते घेतलं नाही. बांधणाऱ्यांचा कौल कोणाकडे होता हे त्यातून कळतं.

जोडणी: प्लेटवरचा ०.००१ मायक्रोफॅरड काढून टाका. हा विसरला की सगळी लहर तिथेच जमिनीत जाते आणि रिजनरेशन सुरूच होत नाही. प्लेट आणि हेडफोनच्या मध्ये आरएफ चोक घाला. प्लेटपासून दुसरी वाट टिकलर कॉइलला, तिथून छोट्या बदलत्या कंडेन्सरला, तिथून पिन १ ला. आवाजाचा प्रवाह चोकमधून हेडफोनकडे जातो, रेडिओची लहर टिकलरकडे. हा कंडेन्सर जितका मिटवाल तितकी लहर जास्त परत फिरते.

चालवायचं कसं: केंद्र लावा, कंडेन्सर हळूहळू मिटवत जा. आवाज फुगत जाईल, मग मऊ सरसर ऐकू येईल आणि एका जागी "टप्" होऊन शीळ सुरू होईल. तिथून अगदी थोडं मागे या. सगळ्यात चांगला आवाज त्या कडेवर असतो. गँग हलवला की कडही हलते, म्हणून दोन्ही हात एकाच वेळी चालवायची सवय लावावी लागते.

कंडेन्सर मिटवताना आवाज वाढायच्या ऐवजी घटत असेल, तर टिकलर उलटी लागली आहे. तिची दोन टोकं अदलाबदल करा. टप् होऊन एकदम जोरात ओरडत असेल तर टिकलरचे तीन-चार वेढे काढा.

शीळ सुरू असताना तुमचा सेट एरिअलमधून लहर बाहेरही फेकत असतो. १९२० च्या दशकात ब्रिटनमध्ये शेजाऱ्यांच्या रेडिओत अशा शिट्ट्या इतक्या घुसायच्या, की बाजारात यायच्या आधी सेट त्यासाठी तपासले जायचे. शीळ आली की लगेच मागे या.

## हमखास नडणाऱ्या गोष्टी

घुमणारा आवाज. टेबलाला धक्का लागला की हेडफोनमध्ये घंटेसारखं वाजतं. डीएफ ९१ चं फिलामेंट केसासारखं बारीक असतं आणि ते थरथरतं. व्हॉल्व्ह खराब नाही, सॉकेटखाली स्पंजचा तुकडा ठेवा.

हात जवळ नेला की केंद्र सरकतं. गँगची फिरणारी बाजू, म्हणजे दांडा असलेली, अर्थिंगच्या बाजूला हवी. उलटी लागली असेल तर बदला.

सतत घरघर. मोबाइलचे चार्जर आणि एलईडीचे दिवे बंद करून बघा. मध्यम लहरीवर आज खरा त्रास त्यांचाच आहे. अर्थिंगसाठी घरातल्या प्लगची तिसरी पिन वापरू नका, जमिनीत वेगळी सळई ठोका.

पाच बॅटऱ्यांची माळ. ४५ व्होल्टचा झटका कोरड्या हाताला फारसा जाणवत नाही, ओल्या हाताला जाणवतो. माळ उघडी टाकून उठू नका, आणि जोडणी बदलताना आधी ती काढा, मग सेल.

पाऊस. वळवाचे ढग दिसू लागले की एरिअल सेटपासून काढून थेट अर्थिंगला जोडा. ढग डोक्यावर यायची वाट बघू नका, आणि विजा सुरू झाल्यावर त्या वायरीला हात लावू नका.

हे सगळं नीट चालू लागलं की एखाद्या रात्री, नऊनंतर, रिजनरेशन कडेवर ठेवून पूर्ण पट्टा हळू फिरवा. मध्यम लहर रात्री वरच्या थरांवरून परतून लांबवर पोहोचते, दिवसा न येणारी केंद्रं सापडतात. केंद्राचं नाव, गँगची जागा आणि वेळ वहीत लिहीत जा. पुढे आवाजाचा दुसरा व्हॉल्व्ह जोडाल तेव्हा तुलना करायला ही वही लागेल.